सुरांची जादू शिकवणारी अकॅडमी लिहायचीय? आधी भिंती ठरवा

सुरांनी जादू करणारी शाळा ही कल्पना ऐकायलाच इतकी भारी वाटते की बरेच जण तिथेच थांबतात. मुलगी बासरी वाजवते, निळा प्रकाश पडतो, दार उघडतं, झालं. आता त्या सीनमधली बासरी काढा आणि जागी काठी ठेवा, नाहीतर अंगठी ठेवा. गोष्टीत काही बदललं? काही नाही. म्हणजे संगीत नुसतं सजावटीला आहे, आणि वाचणाऱ्याला ते दहाव्या पानावर कळतं.

तर ही गाईड त्यांच्यासाठी, ज्यांना अशी अकॅडमी कथेसाठी, कॉमिकसाठी किंवा मित्रांच्या रोलप्लेइंग गेमसाठी नीट उभी करायचीय. माझं म्हणणं एकच आहे: पॉवर नंतर ठरवा, आधी आवाजाच्या अडचणी ठरवा. आवाज हे जादूचं फार गैरसोयीचं साधन आहे आणि त्या गैरसोयीतूनच अख्खी अकॅडमी निघते, इमारत, वेळापत्रक, शिक्षा, भांडणं, सगळं.

सगळ्यात मोठी अडचण

काठी एका माणसावर रोखता येते. आवाज रोखता येत नाही, तो पसरतो. तुम्ही एकाला झोपवायला गाणं म्हटलं तर शेजारचा झोपणार, पहारेकरी झोपणार, आणि तुमचे कान उघडे असतील तर तुम्हीपण झोपणार. म्हणजे पहिला प्रश्न: गाणाऱ्याला स्वतःची जादू लागते का? याचं उत्तर एका वाक्यात लिहून भिंतीवर चिकटवा, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. मी असतो तर ‘लागते’ म्हटलं असतं. मग बरं करणारी गाणी शिकणारे विद्यार्थी टवटवीत दिसतील, त्यांच्या वर्गाला गर्दी असेल, आणि इजा करणारी विद्या शिकवणारे मास्तर चाळिशीतच म्हातारे झालेले असतील. दीपक रागाची आख्यायिका आठवा, दिवे लागले हे सगळ्यांना लक्षात राहतं पण गाणाऱ्याच्याच अंगाचा दाह झाला आणि तो शांत करायला मेघ गावा लागला हा भाग खरा कामाचा आहे. किंमत पण आहे आणि उतारा पण आहे.

दुसरी गोष्ट म्हणजे आवाजाला वेळ लागतो. २० अंश तापमानाला हवेत तो सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो. ऐकायला खूप वाटतं, पण किलोमीटरभर लांबच्या बुरुजावर जादू पोचायला जवळजवळ तीन सेकंद लागतात आणि तेवढ्यात समोरचा कानात बोटं घालू शकतो. पाण्यात हाच वेग चौपटीहून जास्त होतो, पोलादात तर पंधरा पटीच्या आसपास. म्हणजे तळघरातल्या लोखंडी पाइपवर कोणी ठोका मारला तर तो हवेतल्या आवाजाच्या कितीतरी आधी इमारतीच्या दुसऱ्या टोकाला पोचणार, आणि हे ज्या विद्यार्थ्याला आधी सुचेल तो तुमचा हिरो करा. उघड्या मैदानात अंतर दुप्पट झालं की आवाज साधारण ६ डेसिबलने उतरतो, त्यामुळे लढाई मैदानात आहे की दरीत आहे याने निकाल बदलायला हवा. आणि निर्वात पोकळीत आवाजच नाही. अकॅडमीचा तुरुंग कसा असेल हे यातून आपोआप सुचतं.

आता इमारत

इथे वेळ घालवा, खरंच घालवा. लोक टोकदार मनोरे आणि रंगीत काचा लिहून मोकळे होतात, पण ध्वनीच्या शाळेत इमारत म्हणजे अर्धं शस्त्र आहे.

१८९५ मध्ये हार्वर्डमध्ये एक नवीन लेक्चर हॉल झाला होता, त्यात बोललेलं काही म्हणता काही कळायचं नाही, एक शब्द साडेपाच सेकंद घुमत राहायचा म्हणजे तोपर्यंत बोलणाऱ्याचं पुढचं वाक्य संपत यायचं. ते दुरुस्त करायचं काम वॉलेस सॅबिन नावाच्या तरुण प्राध्यापकाकडे आलं. हा माणूस रात्री, बाहेर शांतता झाल्यावर, शेजारच्या थिएटरमधल्या खुर्च्यांच्या गाद्या उचलून आणायचा, हॉलमध्ये मांडायचा, ऑर्गनची एक नळी वाजवायचा आणि आवाज विरेपर्यंतचा वेळ घड्याळावर मोजायचा, आणि मग सकाळच्या आत सगळ्या गाद्या परत. यातून त्याला कळलं की घुमण्याचा काळ हा खोलीचा आकार आणि आवाज शोषणाऱ्या वस्तू यांच्या हिशोबावर ठरतो, आणि आजही हॉल बांधणारे त्याचंच सूत्र वापरतात.

आता हे आपल्या अकॅडमीत आणा. गाद्या, पडदे, गालिचे ही जादू मारणारी सामग्री झाली. ज्या खोलीत नवशिक्यांना सोडायचं तिथे भिंतीला जाड कापड, जमिनीवर सतरंज्या, छत बुटकं. आणि दगडी, उंच, रिकामा हॉल फक्त शेवटच्या वर्षाला, कारण तिथे तुम्ही म्हटलेला सूर सहा सेकंद तुमच्याच अंगावर परत येत राहतो आणि चुकीचा लागला तर तोही येतो. माणसं पण आवाज शोषतात, भरलेला हॉल रिकाम्या हॉलपेक्षा कमी घुमतो. म्हणजे खलनायकाला मोठी जादू करायची असेल तर त्याला गर्दी नको असेल, त्याला सभागृह रिकामं हवं असेल! नेहमीच्या ‘हजारो लोकांसमोर शेवटचा सामना’ पेक्षा हे किती वेगळं होतं बघा.

अजून एक. जाड आवाज आणि बारीक आवाज सारखे वागत नाहीत. १०० हर्ट्झच्या खर्जाची लाट साधारण ३.४ मीटर लांब असते, १०,००० हर्ट्झच्या बारीक आवाजाची फक्त ३.४ सेंटिमीटर. खर्ज दाराला वळसा घालून जातो, भिंतीतून झिरपतो, बारीक आवाज सरळ जातो आणि आडोसा आला की अडतो. इथे तुम्हाला जादूच्या दोन शाखा फुकट मिळाल्या. खर्जवाल्यांची विद्या सगळीकडे पोचते पण नेम नाही, त्यांना वस्तीपासून लांब ठेवलेलं असतं, त्यांच्या खोल्या खडकात कोरलेल्या. टिपेवाल्यांची विद्या सुईसारखी, एका माणसाला गाठेल पण मध्ये पडदा धरला की संपलं. दोन्ही गटांना वाटतं आपलीच विद्या खरी.

कुजबुज कट्टा हवा असेल तर विजापूरचा गोलघुमट डोळ्यासमोर ठेवा, १६५६ चा, घुमटाच्या आत गोल सज्जा आहे, एका बाजूला भिंतीशी तोंड नेऊन हळू बोललं तरी समोरच्या बाजूला ऐकू येतं. आवाज वक्र भिंतीला चिकटून सरकत जातो. अकॅडमीत अशी एक जागा असावी आणि तिथे नेमकं कोण कुठे उभं राहिलं की काय ऐकू येतं हे फक्त झाडणाऱ्या बाईंना माहीत असावं, मुख्याध्यापकांना नाही.

जादू नक्की चालते कशी

एक मेकॅनिझम निवडा. एकच. पाच निवडले की रूल बुक होतं, गोष्ट राहत नाही.

माझी पसंती अनुनादाला. प्रत्येक वस्तूची स्वतःची एक कंपनसंख्या असते, तोच सूर बाहेरून दिला की ती वस्तू स्वतः थरथरायला लागते. सतारीच्या तरफा बघा, म्हणजे मुख्य तारांच्या खाली ताणलेल्या बारीक तारा, त्यांना कोणी छेडत नाही, वरच्या तारेवर त्यांचा सूर लागला की त्या खालून आपोआप बोलतात. बाकी कथांमध्ये वस्तूचं खरं नाव कळलं की ती ताब्यात येते, इथे वस्तूचा खरा सूर सापडला की ती ऐकते. कुलपाचा सूर, पुलाचा सूर, माणसाचा सूर. आणि सूर शोधायची रीत पण तयार आहे: दोन स्वर अगदी जवळ आले की आवाजात लाटा ऐकू येतात, २२० आणि २२३ हर्ट्झ एकत्र वाजवले तर सेकंदाला तीन, जसजसं जवळ जाल तशा लाटा मंद होत जातात आणि जुळलं की थांबतात. तानपुरा लावणारे हेच ऐकत असतात. सस्पेन्स यातच आहे: चोर कुलपासमोर गुणगुणतोय, लाटा मंद होतायत, मागून पावलं येतायत.

पहिल्या वर्गातलं प्रात्यक्षिक काय दाखवायचं हा प्रश्न असेल तर अर्न्स्ट क्लाडनीचा प्रयोग आहे. धातूच्या पत्र्यावर वाळू पसरायची, पत्र्याच्या कडेला व्हायोलिनचा गज ओढायचा, वाळू उड्या मारत सरकते आणि तारे, चौकोन, जाळ्या अशा आकृत्या तयार होतात. १७८७ मध्ये त्याने हे छापलं. ज्या रेषांवर पत्रा हलत नाही तिथे वाळू जमते, म्हणजे खरं तर आकृती शांततेची असते. यातून अकॅडमीची लिपी बनवा, प्रत्येक सुराची आकृती म्हणजे एक अक्षर. पुढची गोष्ट तर अजून भारी आहे, या आकृत्यांमागचं गणित मांडण्यासाठी पॅरिसमध्ये बक्षीस जाहीर झालं आणि १८१६ मध्ये ते मिळवलं सोफी जर्मेननं, जिला बाई म्हणून तिथल्या नामांकित कॉलेजात प्रवेशच नव्हता, तिने दुसऱ्यांच्या वह्या मिळवून अभ्यास केला आणि आधी पुरुषाच्या नावाने उत्तरं पाठवली. दाराबाहेर बसून शिकलेलं कॅरेक्टर लिहायचं असेल तर एवढं पुरे.

उलटी जादू पण ठरवून ठेवा. एका लाटेवर बरोबर तिची उलटी लाट टाकली की दोन्ही मिळून शांत होतात, नॉइज कॅन्सलिंग हेडफोन हेच करतात. म्हणजे प्रतिकार करणारा जोरात ओरडत नाही, तो तंतोतंत तोच सूर उलटा धरतो, आणि थोडा जरी चुकला तरी समोरच्याचीच ताकद वाढवतो. असा सामना बाहेरून बघणाऱ्याला दोन माणसं तोंड उघडून गप्प उभी आहेत असाच दिसेल.

ताल विसरू नका, सगळे विसरतात

सुरांवर पानंच्या पानं आणि लयीबद्दल एक ओळ, हे कायम दिसतं. खरं तर वेळ साधायचं काम तालाचं. तीनतालाच्या १६ मात्रा (मात्रा म्हणजे तालाचा एक ठोका), पहिलीवर सम म्हणजे फेरी जिथे परत येऊन मिळते ती जागा, नववीवर खाली म्हणजे भर काढून घेतलेली रिकामी जागा. तिहाई म्हणजे तोच तुकडा तीनदा आणि तिसऱ्यांदाचा शेवटचा ठोका बरोबर समेवर. समजा तुमच्या जगात जादू सुटते ती समेवरच. मग तिहाई सुरू झाली की जाणकार शत्रूला कळतं की आता किती वेळ उरलाय, तो मोजायला लागतो, आणि हुशार वादक मुद्दाम चुकीच्या मात्रेवरून तिहाई उचलून त्याला फसवतो. रूपकचं वेगळं, ७ मात्रा आणि समेवरच खाली. देण्याऐवजी काढून घेणारी जादू असेल तर ती रूपकात बांधा, तालीम झालेला वाचक जागेवरच हसेल आणि बाकीच्यांना नुसतं काहीतरी पोकळ वाटेल, दोन्ही चालतं.

विलंबित, म्हणजे संथ लयीत तालाचं एक आवर्तन, म्हणजे एक पूर्ण फेरी, मिनिटभरसुद्धा चालतं. म्हणजे मोठी जादू ही सावकाश होते आणि तोपर्यंत कोणीतरी तुमचं रक्षण करायला हवं. गेममध्ये हे फार मस्त चालतं, एकजण गातोय, बाकीचे त्याच्याभोवती कडं करून उभे.

शिकवायचं काय आणि कधी

पहिलं वर्ष जादू नाही. नुसतं ऐकणं. डोळ्यांवर पट्टी बांधून खोलीत किती माणसं आहेत सांगा, भिंत किती लांब आहे ते टाळी वाजवून सांगा (प्रतिध्वनी वेगळा ऐकू यायला भिंत निदान १७ मीटर लांब लागते, त्याच्या आत नुसतं घुमल्यासारखं होतं), तानपुरा लावा, पुन्हा लावा, तारेखालचा जव्हारीचा दोरा केसभर सरकवा आणि आवाज कसा उघडतो बघा. मुलं कंटाळली पाहिजेत. वाचकाला कंटाळा आणू नका म्हणजे झालं, ते दोन सीनमध्ये उरका.

दुसऱ्या वर्षापासून काय ते तुम्ही ठरवा, मधली वर्षं कोणालाच फारशी आठवत नाहीत.

वेळापत्रक रागांच्या वेळेवर लावता येतं, पहाटे भैरव, संध्याकाळी यमन, मध्यरात्रीनंतर मालकंस. पण नुसतं छान वाटतं म्हणून लावू नका, चुकीच्या वेळी गायलं तर काय होतं हे ठरवलं असेल तरच लावा. भैरव संध्याकाळी गायला आणि सूर्य मावळता मावळता अडकला, असं काहीतरी ठोस.

आणि वादाचा मुद्दा हवाच, तो इतिहासात तयार आहे. गायक विष्णु दिगंबर पलुसकरांनी ५ मे १९०१ ला लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं, घरातल्या बंद दाराआडची विद्या शाळेच्या वर्गात आली. संगीताचे अभ्यासक भातखंड्यांनी ठिकठिकाणच्या उस्तादांकडून चिजा, म्हणजे रागांतल्या बंदिशी, गोळा केल्या, स्वरलिपीत लिहून छापल्या, राग दहा थाटांत, म्हणजे स्वरांच्या दहा साच्यांत, बसवले. ज्यांनी पिढ्यानपिढ्या चिजा जपल्या त्यातल्या अनेकांना हे सहज पचणारं नव्हतंच. आता विचार करा की त्या चिजा खरोखर जादूच्या असत्या तर? छापलेली जादू कोणीही वाचून म्हणणार. अकॅडमीत एक गट लिहून ठेवू म्हणणारा, दुसरा गट कानातूनच देऊ म्हणणारा, आणि दोघांचंही बरोबर असायला हवं. कागदावर मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड सरकणं, पूर्ण उतरत नाही, कान मात्र माणसाबरोबर मरतात.

माणसं

कॅरेक्टर ठरवताना शरीराकडे बघा, आवाज शरीरातून येतो. मुलग्यांचा आवाज वयात येताना फुटतो आणि साधारण सप्तकभर खाली जातो. तेरा वर्षांचा, अकॅडमीतला सगळ्यात तयार मुलगा, आणि एका सकाळी त्याची सगळी विद्या गेलेली. मला तर हीच मुख्य गोष्ट वाटते, कोणीतरी लिहा.

वय झालं की बारीक आवाज ऐकू येणं आधी कमी होतं. तरुण कान २०,००० हर्ट्झपर्यंत ऐकतात, म्हाताऱ्या मास्तरांना त्यातलं वरचं बरंच ऐकूच येत नाही, म्हणजे पोरांची एक अख्खी चोरटी भाषा वर्गात सगळ्यांसमोर चालू शकते. फक्त एक तरुण असिस्टंट टीचर आहे ज्याला ती ऐकू येते आणि तो सांगत नाही.

न ऐकू येणारा विद्यार्थी ठेवायचा असेल तर दया म्हणून ठेवू नका. एव्हलिन ग्लेनी ही जगप्रसिद्ध तालवाद्य वादक बारा वर्षांची असल्यापासून जवळजवळ पूर्ण बहिरी आहे आणि अनवाणी वाजवते, कंपनं पायांतून, अंगातून घेते. तुमच्या जगात अशा मुलीवर झोपेचं गाणं चालेल का? कानातून जाणारी जादू तिला लागणार नाही पण जमिनीतून येणारा खर्ज तिला सगळ्यांच्या आधी कळेल. हा वेगळा फायदा आणि वेगळा धोका आहे, दोन्ही लिहा.

वाद्यांना पण स्वभाव द्या. गारठ्यात बासरीचा सूर उतरतो आणि पोलादी तार आखडून चढते, म्हणजे हिवाळ्यातल्या मोहिमेत बासरीवाला आणि सतारवाला एकमेकांशी लागतच नाहीत, आणि दमट हवेत चामड्याचं वाद्य ढिलं पडतं. हवामान बघून टीम निवडायची ही गोष्ट गेममध्ये वापरून बघा, खेळणारे वैतागतात पण विसरत नाहीत.

नियम आणि शिक्षा झटपट सांगतो. आवाजाने कान जातात, हे खरं आहे. कामाच्या ठिकाणी ८५ डेसिबल दिवसाला आठ तास ही मर्यादा धरतात, पुढे दर ३ डेसिबलला वेळ निम्मा, म्हणजे १०० डेसिबलला जेमतेम १५ मिनिटं. हाच नियम अकॅडमीचा करा, प्रत्येकाची रोजची आवाजाची शिधापत्रिका, आणि ती चोरून विकणारा एक सिनियर. शिक्षा म्हणजे मौन, ते सगळ्यांना सुचतं, त्यापेक्षा सतत चालू असलेला एकच बेसूर स्वर ऐकत बसायला लावणं जास्त वाईट आहे.

शेवटचा प्रॉब्लेम, कागद मुका असतो

वाचकाला तुमचं गाणं ऐकू येणार नाही. ‘तिने सुमधुर, दिव्य, अलौकिक तान घेतली’ असं लिहिलं की काहीच ऐकू येत नाही. विशेषणं काढा आणि आवाजाने काय हललं ते लिहा, पेल्यातलं पाणी, खिडकीची काच, शेजारच्याचे दात. श्वास लिहा, तो कुठे घेतला, कुठे अपुरा पडला. तबल्याचे बोल वापरायचे तर थोडे, ‘धा’ एकदा आला तर ठोका वाटतो, पानभर आला तर वाचक डोळे सरकवत पुढे जातो. आणि वाक्याची लांबीच लय म्हणून वापरा, विलंबिताला लांब लांब वाक्यं, द्रुतला तुकडे, हे मराठीत छान जमतं कारण क्रियापद शेवटी येतं आणि ते कधी येणार याची वाट बघायला लावता येते.

सुरुवात कुठून करायची कळत नसेल तर हे करा: प्रवेश परीक्षेचा सीन लिहा. एक मूल, तीन परीक्षक, एक खोली. खोलीत गालिचा आहे की नाही हे पहिल्या तीन ओळींत आलं पाहिजे. रागाचं नाव घ्यायचं नाही, प्रकाश पाडायचा नाही, आणि मुलाने केलेली जादू चौथ्याच कोणालातरी, भिंतीपलीकडे, लागली पाहिजे.